परसातले तळे आणि फायबरचे अस्तर

(नाशिक येथील जिल्हा बैठकीत झालेल्या भाषणाचा मजकूर)



बैठकीचे मोठे विषय सकाळी झाले. जेवणानंतरची ही वेळ एका लहान प्रश्नासाठी मला दिली आहे. डोळ्यांवर झापड येण्याची वेळ आहे, हे मला माहीत आहे. पण ज्यांच्या घरामागे हौद आहे किंवा शेतात तळे आहे त्यांनी जागे राहावे, कारण विषय पैशाचा आहे आणि शेवटी तो जिवाचाही आहे.

वर्षभरात निफाड, सिन्नर, चांदवड, दिंडोरी, कुठेही गेलो की कोणीतरी बाजूला घेऊन विचारते, "भाऊ, घरामागे खड्डा आहे, मासे सोडायचे म्हणतो. फायबरचे अस्तर मारून घेऊ का?" विचारणारात तरुण पोरे आहेत, बचत गटाच्या बाया आहेत, निवृत्त मास्तर आहेत. बहुतेकांकडे कोणीतरी विक्रेता येऊन गेलेला असतो. निळ्या रंगाचा गुळगुळीत तुकडा दाखवून गेलेला असतो आणि "आयुष्यभर बघायला नको" असे सांगून गेलेला असतो.

माझे उत्तर आधी सांगतो, कारण मागे बसलेल्यांना झोप लागली तरी तेवढे कानावर पडावे. हौद सिमेंटचा असेल, गळत असेल आणि कर्ज न काढता काम होत असेल, तर फायबर मारा. मातीच्या खड्ड्याला फायबर मारू नका. आणि माशाच्या उत्पन्नातून फायबरचे पैसे फिटतील असे कोणी सांगत असेल, तर त्याच्याकडून तो हिशेब कागदावर लिहून घ्या.

आता असे का, ते पाहू.

आपल्या जिल्ह्यात तळ्याचे पाणी गळते ते का? आपल्या पायाखाली काळा पाषाण आहे, त्यावर मुरूम, त्यावर कुठे हातभर तर कुठे पुरुषभर काळी माती. तळे काळ्या मातीत बसले तर माती भिजून फुगते, फटी बुजतात आणि पाणी बऱ्यापैकी थांबते. तळे मुरमात उतरले की चाळणी. पूर्वीच्या लोकांना हे पक्के ठाऊक होते. भंडारा-गोंदियाकडचे मालगुजारी तलाव बघा. त्यांना कसलेही अस्तर नाही, आणि पिढ्यान् पिढ्या त्यात पाणी राहिले, मासे राहिले. दूर कशाला, आपले गंगापूर धरण १९६५ साली पूर्ण झाले, ते मातीचेच आहे. त्यात प्लास्टिकचा कागद नाही की फायबर नाही. माती कोणती, कुठे आणि कशी दाबून बसवली, हेच तिथे सारे काम आहे.

पण मातीच्या कामाला जागा निवडावी लागते आणि आपल्या वाट्याला आलेली जागा ही वाटणीत आलेली असते. मुरमाड तुकडा आला तर तळे मुरमातच होणार. म्हणून कागद आला. पाचशे मायक्रॉनचा, विणलेल्या प्लास्टिकवर थर दिलेला. आज द्राक्षाच्या पट्ट्यात एखाद्या टेकडीवर उभे राहिले की शिवारात आरशाचे तुकडे पडल्यासारखी तळी दिसतात. २०१६ साली 'मागेल त्याला शेततळे' योजना आली. तिच्यात तीस बाय तीस बाय तीन मीटरच्या तळ्याला जास्तीत जास्त ५० हजार मिळत, आणि तेही खोदाईचे. कागद ज्याचा त्याने घालायचा होता. कागद घ्याल तेव्हा त्यावर भारतीय मानक १५३५१ चा शिक्का आहे का तेवढे पाहा. नुसते "पाचशे मायक्रॉन आहे" या तोंडी शब्दावर जाऊ नका. जाडी मोजायचे यंत्र खिशात मावते.

कागदाला काही जण नावे ठेवतात. उंदीर कुरतडतात, खेकडे भोके पाडतात, रिकाम्या तळ्यात वारा शिरला की शिडासारखा फुगतो, उन्हात ठिसूळ होतो. सगळे खरे आहे. पण कागदाचा एक मोठा गुण आहे. जमीन हलली की तो तिच्याबरोबर हलतो. आपली काळी माती पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात हात जाईल एवढी भेगाळते. या जमिनीवर जे काही पसराल त्याला वाकता आले पाहिजे.

फायबरला वाकता येत नाही. फायबर म्हणजे काय? काचेच्या तंतूंची चटई आणि तिच्यात भिनवलेले रेझिन. वाळले की ते बादलीच्या बुडासारखे कडक होते. दोन मिलिमीटर जाडीचे ते कडक पान मातीच्या खड्ड्यावर बसवले आणि खालची माती एका कोपऱ्यात बोटभर खचली, की तिथे पोकळी झाली. वर पाण्याचा भार. तडकणार नाही तर काय होईल? आणि तडा केसाएवढा असतो, तो दिसतही नाही. पाणी मात्र रोज दोन बोटे उतरत राहते आणि घरातले एकमेकांना विचारत राहतात की कोणी उपसले म्हणून. मातीवर वाकणारे अस्तर, सिमेंटवर कडक अस्तर चालते, एवढे धरून चाला.

आता पैशाचा हिशेब. तो तुमच्या मनातच करा, अवघड नाही.

घरामागचा हौद तीन मीटर लांब, दोन मीटर रुंद, एक मीटर खोल धरू. पाणी किती? सहा हजार लिटर. अस्तर किती लागेल? तळाचे सहा चौरस मीटर आणि चार भिंतींचे दहा, मिळून सोळा. साडेचारशे ग्रॅमची मॅट दोन थर द्यायची, तर चौरस मीटरला ९०० ग्रॅम काच लागते. काचेच्या अडीच पट रेझिन पिते, म्हणजे सव्वादोन किलो. सोळा चौरस मीटरला १४ किलोवर काच आणि ३६ किलो रेझिन. जोडाचे पदर आणि नासधूस धरून सोळा किलो मॅट, चाळीस किलो रेझिन सांगा. त्यावर हार्डनर, वरचा रंगीत थर, ब्रश, रोलर आणि कारागिराची मजुरी. भाव तुम्ही तुमच्या बाजारात विचारा. भाव महिन्याला बदलतात, वजन बदलत नाही.

आता शेतातले तीस बाय तीस बाय तीनचे तळे घ्या. उतार एकास एक. त्यात सुमारे बावीस लाख लिटर पाणी मावते. त्याचा तळ आणि चारी उतार मिळून एक हजार चौतीस चौरस मीटर भरतात, कडेच्या चारीत दाबायचा कागद वेगळा. म्हणजे हजार लिटर पाण्यामागे अर्धा चौरस मीटरसुद्धा अस्तर लागत नाही. घरामागच्या हौदाला तेच अडीच चौरस मीटरच्या वर लागते. लहान तळे हे लिटरमागे मोठ्या तळ्याच्या पाच-सहा पट महाग पडते, ते यामुळे. आणि कोणाच्या मनात शेततळ्यालाच फायबर मारायचे असेल, तर त्याने दोन टनांवर रेझिन लागेल हे लक्षात ठेवावे. तसे सांगणारे भेटतात, म्हणून बोलतो.

पुढचा हिशेब माशांचा. कटला, रोहू, मृगळ हे आपल्याकडचे नेहमीचे तळ्यातले मासे. वरून हवा न देता, तळ्यातल्या शेवाळावर आणि थोड्या पेंड-कोंड्यावर वाढवायचे, तर चौरस मीटरला एक बोटुकली हा जुना अंदाज आहे. हौदाचा तळ सहा चौरस मीटर. म्हणजे सहा मासे. बरे, तुम्ही हुशार आहात, पाणी बदलता, खाद्य देता, दहा धरा. दहाच्या दहा जगले आणि प्रत्येक एक किलोचा झाला तर दहा किलो. दहा किलो माशांसाठी चाळीस किलो रेझिन! नातवंडांना मासे दाखवायला, घरी महिन्याकाठी एक कालवण करायला हे ठीक आहे. याला धंदा म्हणू नका.

यावर लगेच उत्तर येते, की हवेचा पंप लावून दाट मासे ठेवू. बायोफ्लॉक म्हणून तेच विकले जाते. गोल ताडपत्रीच्या टाक्या, बुडबुडे, माशांची दाटी. ते जमते, ज्याला रोज पाणी तपासता येते आणि ज्याची वीज जात नाही त्याला जमते. शेतीपंपाच्या विजेचे तास आपल्याला ठाऊक आहेत. घरच्या लाइनवर पंप ठेवला तरी जूनच्या पहिल्या वादळात तारा पडतात. दाट टाकीतल्या माशांना हवा बंद झाल्यावर फार वेळ मिळत नाही, तासा-दोन तासांत टाकी पांढरी होते. इन्व्हर्टर, बॅटरी, खाद्य आणि राखण हे सारे धरून मग हिशेब करा. केंद्राच्या २०२० च्या मत्स्यसंपदा योजनेत सर्वसाधारण गटाला ४० टक्के आणि महिला व अनुसूचित जाती-जमातींना ६० टक्के अनुदान ठेवले, त्यामुळे पुष्कळ घरांतल्या बायका कागदावर मत्स्यव्यावसायिक झाल्या. माझी सूचना एवढीच, की विक्रेत्याला आधी भाव विचारा आणि अनुदानाचे नंतर बोला. दोन भाव वेगळे निघाले तर अनुदान कोणाच्या खिशात चालले आहे ते उघड आहे.

तरीसुद्धा सिमेंटचा जुना हौद ज्यांच्याकडे आहे, त्यांच्यासाठी फायबर खरोखर चांगले आहे. गळती थांबते, हे तर आहेच. दुसरे असे, की नवे सिमेंट पाण्यात चुना सोडते. पाणी इतके क्षारी होते की माशांची कातडी आणि कल्ले भाजतात. नव्या हौदात मासे का मरतात, हे पुष्कळांना कळत नाही, त्याचे कारण हे. साधा उपाय म्हणजे हौद भरायचा, आठवडाभर ठेवायचा, ओतायचा, असे तीन-चार वेळा करायचे. फायबर या चुन्याला पाण्यापासून तोडते. शिवाय धुवायला सोपे, मासे घासून जखमी होत नाहीत. सातपूर-अंबडकडे फायबरचे काम करणारे कारागीर मिळतात, गणपतीचे साचे करणारेही हेच काम जाणतात. काम त्यांच्याकडूनच घ्या. पण ते काम बरोबर करतात की नाही, हे तुम्हाला कळले पाहिजे, म्हणून जरा खोलात जातो.

पहिले म्हणजे सिमेंट वाळलेले हवे. नवे प्लास्टर असेल तर अठ्ठावीस दिवस पाणी मारून घ्या आणि त्यानंतर चांगले सुकू द्या. सुकले की नाही हे हाताला कळत नाही. फूटभर प्लास्टिकचा तुकडा भिंतीला चारी बाजूंनी चिकटपट्टीने घट्ट लावा आणि रात्रभर ठेवा. सकाळी आतून दव दिसले तर कारागिराला चहा पाजून परत पाठवा. ओल्या सिमेंटवर मारलेले फायबर पहिल्याच उन्हाळ्यात फोडासारखे सुटते. हौद जमिनीत असेल आणि पावसाळ्यात भोवतालचे पाणी भिंतीवर दाबत असेल, तरीही सुटते. तिथे आधी बाहेरचे पाणी काढून द्यायची चर खणावी लागते.

दुसरे म्हणजे हंगाम. मे महिन्यात रेझिन डब्यातच घट्ट होते, निफाडच्या थंडीत ते धड वाळत नाही, आणि पावसाळ्यात तर करूच नये. फेब्रुवारी-मार्च बरा. सकाळचे काम बरे, आणि एका वेळी थोडेच कालवावे.

तिसरी गोष्ट मी कारागिराला नव्हे, तुम्हालाच सांगतो. कारण पैसे वाचवायला काही जण सामान आणून स्वतः करतात. रेझिनमध्ये दोन औषधे पडतात, एक जांभळे कोबाल्ट आणि दुसरा पाण्यासारखा हार्डनर. ही दोन एकमेकांत थेट कधीही मिसळायची नाहीत. मिसळली तर भडका उडतो, स्फोटही होतो. कोबाल्ट आधी रेझिनमध्ये पूर्ण कालवायचे, मग वेगळ्या मापाने हार्डनर शंभराला एक ते दोन भाग. एकाच मापाने दोन्ही मोजायचे नाही. हार्डनरचा थेंब डोळ्यात गेला तर डोळा जाऊ शकतो, म्हणून चष्मा हवाच. रेझिनचा जो उग्र वास येतो तो स्टायरीनचा. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेने २०१८ साली त्याला कर्करोग होण्याचा संभव असणाऱ्या पदार्थांच्या वरच्या गटात टाकले. हौद म्हणजे खड्डा, आणि हा वास हवेपेक्षा जड, तो खड्ड्यातच साचतो. तेव्हा पोराला आत उतरवून "पटकन मार" म्हणू नका. पंखा लावा, मास्क साधा कापडी नव्हे तर रसायनाचा हवा, आणि विडी-काडी दूर.

मॅट घालताना रोलर फिरवून सगळी हवा काढावी लागते. पांढुरका ठिपका दिसला की तिथे हवा राहिली किंवा रेझिन पोचले नाही, असे समजा. तिथूनच पुढे पाणी शिरते. पाण्यासाठी आयसोप्थॅलिक रेझिन मागा, साधे स्वस्त रेझिन पाण्यात लवकर फोड धरते. आणि शेवटचा थर मेण घातलेला असतो, कारण उघड्या हवेत रेझिनचा पृष्ठभाग चिकट राहतो. बोट लावून चिकटले तर काम अर्धवट आहे. पैसे रोखा.

वाळले, वास गेला, तरी मासे लगेच सोडू नका. भरा, चार दिवस ठेवा, ओता. तीनदा करा. मग चार-सहा स्वस्त मासे सोडून आठवडाभर बघा. ते तरले तर बाकीचे सोडा.

आता मासे जगण्याविषयी आपल्या जिल्ह्याच्या दोन-तीन गोष्टी. एक म्हणजे थंडी. थंडीची लाट आली की निफाडचा पारा चार-पाच अंशांखाली उतरतो. ते आपण द्राक्षांच्या काळजीने पाहतो, माशांच्याही पाहावे. कटला-रोहूला पंचवीस-तीस अंशांचे पाणी मानवते. तीन मीटर खोल शेततळे तळाशी ऊब धरते, मीटरभर हौद धरत नाही. थंडीत मासा खात नाही. तरी दयेपोटी खाद्य टाकत राहिलात तर ते कुजते, पाणी नासते आणि मासा पोट भरून नव्हे, गुदमरून मरतो. पहाटे मासे वर येऊन तोंड उघडताना दिसले, तर पाण्यातला प्राणवायू संपला असे समजावे. झारीने, पाइपाने, जमेल तसे पाणी उंचावरून पाडावे.

दुसरी गोष्ट फवारणीची, आणि ही द्राक्षवाल्यांनी नीट ऐकावी. बोर्डो मिश्रणातले तांबे माशाला विष आहे. कीटकनाशकांपैकी जी सिंथेटिक पायरेथ्रॉइड गटातली आहेत ती तर इतकी विषारी, की पंप विसळलेले पाणी हौदात गेले तरी खेळ संपतो. बाग आणि तळे शेजारी असते. ब्लोअर चालतो, वारा तळ्याकडे असतो, संध्याकाळी मासे उलटे. मग नजर लागली, शेजाऱ्याने औषध टाकले, अशी भांडणे. फवारणीची टाकी तळ्यावर भरायचीच नाही, पंप तळ्याकाठी धुवायचाच नाही, आणि घरामागच्या हौदावर फवारणीच्या दिवशी ताडपत्री ओढायची.

कागद घातलेल्या शेततळ्यात मासे वाढवायचे असतील तर एक अडचण असते. तळाशी चिखल नसतो, त्यामुळे माशाचे नैसर्गिक खाद्य कमी तयार होते. थोडे खाद्य वरून द्यावेच लागते. पण तळे पाण्यासाठी आधीच झालेले आहे, अस्तर आधीच पडलेले आहे, त्यामुळे माशांवर अस्तराचा खर्च चढत नाही. म्हणून मला विचाराल तर मासे तिथे. ऑगस्टमध्ये तळे भरले की बोटुकली सोडायची, आणि एप्रिलच्या खरड छाटणीला पाणी उपसायला लागता त्याच्या आत काढायची. आठ महिने मिळतात. माशांचे पाणी बागेला चांगले, मात्र शेवाळ ठिबकच्या तोट्या बुजवते, वाळूचा फिल्टर उलटा धुणे चुकवू नका. मागुर म्हणून कोणी स्वस्त पिल्ले देत असेल तर पारखून घ्या. परदेशी थाई मागुर केंद्र सरकारने २००० साली बंद केला, हरित लवादाने २०१९ साली त्यावर पुन्हा बोट ठेवले. तो दुसरे मासे खातो, आणि पुरात ओढ्याला गेला की आपल्या नदीतले मासे संपवतो.

इथे मला थोडे कडू बोलायचे आहे. कागद पाणी धरतो, पाणी आणत नाही. शेततळे हे पावसाचे वाहते पाणी धरायला सांगितले होते. आपण काय केले? इगतपुरीकडे तीन हजार मिलिमीटर पाऊस पडतो, येवला-नांदगावकडे पाचशे-सहाशे. आणि जिथे पाऊस कमी तिथेच विहिरी आणि बोअर रात्रंदिवस उपसून तळी भरली जातात. जमिनीच्या पोटात सावलीत असलेले पाणी आपण उन्हात आणून मांडतो. एप्रिल-मे महिन्यांत दिवसाला आठ मिलिमीटर पाणी उडाले, तर नऊशे चौरस मीटरच्या तळ्यातून रोज सात हजार दोनशे लिटर आभाळात जातात. घरामागचा तो हौद, ज्याविषयी आपण इतका वेळ बोलतो आहोत, तो रोज भरून वर उरेल एवढे पाणी! आणि शेजारच्या कोरडवाहूवाल्याची विहीर मार्चमध्येच तळ दाखवते. यावर वेगळी बैठक लावावी असे माझे म्हणणे आहे. आज तो विषय नाही, पण अस्तराविषयी बोलताना तो गिळून पुढे जाणे मला जमत नाही.

आता जिवाचे बोलतो. अस्तर कागदाचे असो की फायबरचे, ते ओले झाले, त्यावर शेवाळ धरले, की त्यावर पाय ठरत नाही. पाण्यातून वर यायला हाताला काही लागत नाही. चांगला पोहणारा माणूससुद्धा उतारावरून घसरून पुन्हा पाण्यात जातो, पुन्हा चढतो, पुन्हा घसरतो आणि दमतो. शेततळ्यात बुडून मेल्याच्या बातम्या आपण वाचतो, त्यांत बहुतेक वेळा दोन नावे असतात. एक पडलेला आणि दुसरा त्याला काढायला उतरलेला. भाऊ-भाऊ असतात, बाप-लेक असतात, पाणी काढायला गेलेली सून आणि तिच्यामागे धावलेली सासू असते. वासरे आणि कुत्री किती जातात, त्याची तर बातमीही होत नाही.

लाखावारी रुपये तळ्यात घालणारा शेतकरी दोरासाठी खर्च करत नाही. चारी उतारांवर जाड नायलॉनचा दोर सोडा, हातभर अंतरावर गाठी मारा, वरचे टोक काठापासून दूर रोवलेल्या लोखंडी खांबाला बांधा आणि खालचे टोक तळापर्यंत जाऊ द्या, कारण पाणी उतरले की वरचा दोर हाताला येत नाही. ट्रॅक्टरच्या जुन्या ट्यूबा हवा भरून पाण्यावर तरंगत ठेवा. जाळीचे कुंपण आणि कडी लागणारे फाटक. घरामागच्या हौदाला लोखंडी जाळीचे झाकण, मग तो कमरेएवढाच का असेना, रांगते मूल हातभर पाण्यात जाते. आणि घरात सगळ्यांना, विशेषतः पोरांना, सांगून ठेवा, की कोणी पडले तर मागे उडी मारायची नाही, दोर फेकायचा, ट्यूब फेकायची, ओरडायचे. हे पोरांकडून एकदा प्रत्यक्ष करून घ्या.

बाहेर टेबलावर मी तीन तुकडे ठेवले आहेत. एक पाचशे मायक्रॉनचा कागद, एक नीट वाळलेले फायबर आणि एक कच्चे राहिलेले फायबर. तिन्हींना हात लावून बघा, कच्च्याचा वास घेऊन बघा, म्हणजे उद्या कारागीर दारात आला तर फरक कळेल. शेजारी गाठी मारलेला दोर आहे. ज्यांच्या शेतात तळे आहे त्यांनी त्याची जाडी आणि गाठ बघून घ्यावी. ज्यांना हिशेब पुन्हा करून हवा आहे त्यांनी हौदाची मापे फुटात नव्हे, मीटरमध्ये लिहून आणावीत, चहा होईपर्यंत मी तिथेच बसलो आहे.